सलून फोडणाऱ्या बायका आणि एक मिनिटाचा मूकपट

अर्धवट_प्रेक्षक

गेल्या रविवारी पाऊस होता, ट्रेकचा प्लॅन बोंबलला, मग यूट्यूबवर जुने मूकपट बघत बसलो आणि एकातून दुसऱ्यात असं करत करत एका मिनिटाच्या फिल्मवर पोचलो, ती आतापर्यंत दहा वेळा तरी बघून झाली असेल. एडिसन कंपनीची, १९०१ सालची, 'कॅन्सस सलून स्मॅशर्स'. आधीच सांगतो, सलून म्हणजे दारूचा गुत्ता. बायकोने नाव वाचून विचारलंच, का, केस वाईट कापले होते का?

कॅमेरा एका जागी खिळलेला. समोर बार, मागे भलामोठा आरसा, बाटल्यांची रांग, एक गिऱ्हाईक बादली घेऊन बिअर न्यायला आलंय, सगळं निवांत चाललंय आणि एकदम काळ्या झग्यातल्या बायका कुऱ्हाडी घेऊन आत घुसतात. मग काय, बाटल्या फुटतात, आरसा फुटतो, एकाची टोपी चेंगरते, बारवाला त्यांच्या म्होरकीच्या तोंडावर सोड्याची पिचकारी मारतो, शेवटी पोलीस येऊन बायकांना बाहेर काढतात. संपली फिल्म.

ती म्होरकी म्हणजे कॅरी नेशन, खरी बाई. २७ डिसेंबर १९०० ला अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात विचिटा गावात केरी हॉटेलचा बार तिने फोडला, तिथलं क्लिओपात्राच्या आंघोळीचं मोठं चित्र पण सोडलं नाही. त्यासाठी तुरुंगात गेली आणि दोनेक महिन्यांत एडिसनच्या लोकांनी त्यावर कॉमेडी काढून मोकळे! म्हणजे आज व्हायरल झालं की उद्या रील, हे काही आपण शोधून काढलेलं नाही.

आता मजा बघा. कॅन्ससमध्ये १८८१ पासून दारूबंदीच होती. कागदावर. गुत्ते उघड चालायचे, पोलीस बघायचे नाहीत. बाईचं म्हणणं असं की जो माल कायद्याने असायलाच नको तो फोडला तर गुन्हा कसला. पॉइंट आहे की नाही?

पण मला खटकतंय ते वेगळंच. या बाईचा पहिला नवरा चार्ल्स ग्लॉइड, डॉक्टर, लग्न झालं १८६७ साली, हा पिऊन पिऊन गेला, बाई पोटुशी असताना घर सोडून माहेरी आली आणि लग्नाला दोन वर्षं व्हायच्या आत तो मेलाच. सगळी कहाणी तिथून सुरू होते. फिल्ममध्ये ग्लॉइड कुठाय? बादलीवाला आहे, तो बिचारा, त्याची टोपी चेंगरते आणि आपण हसतो. मी पण हसलो. असल्या आणखी कॉमेड्या कुणी बघितल्यात का, बायका मतं मागतायत, दारू बंद करतायत अशा? टाका इथं.

तिखटमीठ

पहिली! मस्त धागा, वाचनखूण साठवली. बायकोच्या प्रश्नाला +१. मी पण शीर्षक वाचून आमच्या गल्लीतल्या जेन्ट्स पार्लरचं काहीतरी असेल म्हणूनच आले होते.

निळावंती

बाईच्या दुसऱ्या नवऱ्यावर पण फिल्म आहे ओ. 'व्हाय मिस्टर नेशन वॉन्ट्स अ डिव्होर्स', तीही एडिसनचीच, तीही १९०१. डेव्हिड नेशन घरात रडणारं पोर सांभाळून मेटाकुटीला आलाय, बाटलीला तोंड लावतो न लावतो तोच बाईसाहेब हजर आणि त्याची धुलाई. खऱ्या आयुष्यात तिला एकच मुलगी, शार्लीन, पहिल्या लग्नातली, आणि फिल्म आली तेव्हा ती तिशी ओलांडलेली. घटस्फोट मात्र त्याच वर्षी खरोखर झाला. म्हणजे पाळण्यातलं पोर फिल्मवाल्यांनी पदरचं घातलं, कारण बाई घराबाहेर पडली की घरात पोर रडलंच पाहिजे.

आणि कुऱ्हाडीची आयडिया त्या नवऱ्याचीच म्हणतात. आधी ती दगड-विटा मारायची, हा गमतीत म्हणाला अगं पुढच्या वेळी कुऱ्हाड ने, जास्त फुटेल. तर बाई म्हणे लग्न झाल्यापासून तू बोललेलं हे पहिलं शहाणपणाचं वाक्य. पुढे दंड भरायला पैसे लागायचे म्हणून तिने बोटाएवढ्या कुऱ्हाडीच्या पिना विकल्या. मार्केटिंग बघा.

असल्या फिल्मांमध्ये माझी सगळ्यात आवडती अलिस गीची, 'स्त्रीवादाचे परिणाम' असं काहीसं नाव होईल मराठीत, फ्रान्समध्ये गोमाँ कंपनीसाठी १९०६ साली केलेली, सातेक मिनिटांची. दिग्दर्शक बाई, हे लक्षात ठेवून बघा. पुरुष टोप्यांच्या दुकानात बसून फुलं लावतायत, लाजतायत, मुरडतायत. बाकावर बसलेल्या एका पोराला एक बाई छेडतेय. घरी नवरा शिवण घेऊन बसलाय आणि बायको पाय पसरून पेपर वाचतेय. बायका कॅफेत पितायत, बापे पोरांना घेऊन दाराशी येतात, घरी चला म्हणून विनवतात आणि बायका त्यांना हाकलतात. शेवटी पुरुष उठाव करतात, कॅफे ताब्यात घेतात, बायकांना बाहेर काढतात आणि स्वतः ग्लास उंचावतात.

खडूस_नाना

झालं सुरू. एक मिनिटाची फिल्म, त्यात बाटल्या फुटतात, लोक हसतात, विषय संपला. ग्लॉइड कुठाय म्हणे. टोपी कुणाचीही चेंगरली तरी हसू येतंच की हो, त्या काळात पोलीस पण पडायचे, पाद्री पण पडायचे, श्रीमंतांच्या तोंडावर केक पण बसायचे. बायकाच तेवढ्या कशाला वगळायच्या?

आणि उलट्या जगाची गोष्ट काय फ्रेंच बाईने शोधली नाही. आमच्याकडे नवनाथांच्या पोथीत स्त्रीराज्य आहे, मच्छिंद्रनाथ तिकडे रमतो आणि गोरख जाऊन 'चलो मछिंदर गोरख आया' करून परत आणतो. शेवटी गडी परत जागेवर. तुमच्या फिल्ममध्ये तेच झालं ना?

निळावंती

नाना, तेच झालं आणि तेच नाही झालं. शेवट तोच, पण मधली पाच मिनिटं बघा. त्या बायका कॅफेत जे करतात ते त्या काळचे पुरुष रोज करत होते, एकही गोष्ट नवीन नाही. दाराशी पोर कडेवर घेऊन नवऱ्याला बोलवायला येणारी बाई हे दृश्य तेव्हाच्या दारूविरोधी नाटकांत रडायला ठेवलेलं असायचं. अलिसबाईंनी तेच उचललं, फक्त कपडे बदलले आणि लोक खोखो हसले. आता हसायचं कुणाला, पिणाऱ्या बाईला का पोर घेऊन उभ्या असलेल्या बाप्याला? मी पहिल्यांदा बघितली तेव्हा मला वाटलं बायकांची टिंगल आहे, दुसऱ्यांदा बघितल्यावर कळेना कुणाची आहे. तुमच्या गोरखाला हा प्रश्न पडला नसणार.

एडिसनकर

धाग्यात आमच्या गावाचं नाव वारंवार येतंय म्हणून लॉगिन केलं. आम्ही न्यू जर्सीतल्या एडिसनला राहतो, इथं वडापाव पण मिळतो आणि एडिसनसाहेबांचा दिव्याचा मनोरा पण आहे, मेन्लो पार्कची लॅब याच हद्दीत होती. सिनेमाचा पहिला स्टुडिओ मात्र वेस्ट ऑरेंजला.

निळावंती, तुमच्या अलिसबाई नंतर इकडेच आल्या. सोलॅक्स नावाची स्वतःची कंपनी काढली, फोर्ट लीला स्टुडिओ बांधला, हॉलिवूड व्हायच्या आधी अमेरिकेचा सिनेमा फोर्ट लीतच होता. तिथं १९१२ ला त्यांनी तीच उलट्या जगाची कल्पना परत केली, 'इन द इयर २०००', पण ती फिल्म हरवली. १९६८ ला गेल्या, कबर माहवाहला आहे, आमच्या घरापासून तासाभरावर. एकदा जाऊन आलोय. बायको म्हणाली लोक नायगारा दाखवायला नेतात, तू कबरी दाखव.

सोनचाफा

मी आणखी जुनी टाकते. १८९९ च्या आसपासची, इंग्लंडमधल्या होमफर्थ गावची बॅमफोर्थ कंपनी, तीच जी पुढे चावट पोस्टकार्डांसाठी गाजली. नाव चक्क 'विमेन्स राइट्स'. दोन बायका कुंपणाला टेकून गप्पा मारतायत, पलीकडून दोन गडी येतात, फटीतून त्यांच्या झग्यांच्या कडा ओढून कुंपणाला खिळे ठोकतात. बायका निघायला बघतात तर अडकलेल्या. एवढाच विनोद. नाव 'बायकांचे हक्क' आणि चित्रात बायका खिळलेल्या, यावर वेगळं भाष्य नको.

पण सिनेमाचे किडे असणाऱ्यांसाठी गंमत अशी की कुंपणाची दुसरी बाजू दाखवताना त्यांनी कॅमेरा पलीकडे नेलाच नाही. कुंपण तेच, मागचं झाड-झुडूप तेच, नटांनी फक्त बाजू बदलली, बायका पलीकडे गेल्या आणि गडी अलीकडे आले. बघणाऱ्याने समजून घ्यायचं. आमच्या शाळेच्या गॅदरिंगला राजवाडा आणि जंगल एकाच पडद्यावर व्हायचं, तसंच हे.

आणि त्या दोन्ही 'बायका' पुरुष आहेत.

तिखटमीठ

म्हणजे आपल्या 'राजा हरिश्चंद्र'सारखंच की. १९१३, तारामती झालेले साळुंके.

सोनचाफा

इथंच फरक आहे गं. फाळक्यांना बाई मिळेना म्हणून साळुंके. त्या लोकांकडे नट्या होत्या, ढिगाने होत्या, तरी मतं मागणारी, भांडणारी, कुऱ्हाडवाली बाई दाखवायची झाली की अनेकदा मिशीवाल्याला झगा घालून उभा करायचे कारण ती हास्यास्पद दिसायला हवी, हात राकट, चाल बेंगरूळ. आमच्याकडे बालगंधर्व स्टेजवर आले की घरंदाज बायका त्यांचं लुगडं, नथ, अंबाडा बघून घरी नक्कल करायच्या. दोन्हीकडे पुरुषाने लुगडं नेसलंय पण इथं बाई जास्त सुंदर व्हावी म्हणून आणि तिथं बाई बाईच वाटू नये म्हणून. यावर कुणीतरी पीएचडी करा, मला वेळ नाही.

अर्धवट_प्रेक्षक

वा वा, धाग्याचं सोनं झालं. सोनचाफा, तुमच्या मुद्द्यावरून चॅप्लिन आठवला. १९१४ ची कीस्टोन कंपनीची 'अ बिझी डे', चॅप्लिन स्वतः बाईच्या वेषात, नवरा मॅक स्वेन दुसरीच्या मागे लागतो म्हणून ही बया खवळते, लाथा काय घालते, पोलिसांना ढकलते काय, सॅन पेड्रो बंदरात खरी परेड चालू होती तिच्यातच घुसून शूटिंग केलंय. शेवटी नवरा तिला धक्क्यावरून समुद्रात ढकलतो. यात मताचा म सुद्धा नाही. तरी पुढे ही फिल्म 'द मिलिटंट सफ्रजेट' (सफ्रजेट म्हणजे मतासाठी लढणारी बाई) अशा नावाने पण फिरली! बाई चिडलीय ना, लाथ मारतेय ना, मग सफ्रजेटच असणार. नवऱ्याचं लफडं हे कारण पुसलं आणि लेबल लावलं. नाना, मी ग्लॉइड ग्लॉइड करतोय ते यासाठी.

खडूस_नाना

हे नाव बदलल्याचं माहीत नव्हतं. बरं, मान्य, चावटपणा आहे.

पण त्या बायकांचं शेवटी ऐकलं आणि काय झालं? मतं मिळाली, दारूबंदी आणली आणि चोरट्या दारूवर पोसलेला अल कपोन गुंड जन्माला घातला. मग विनोद करणाऱ्यांना दूरदृष्टी होती असं म्हणा.

पानसुपारी

नाना, तारखा बघा. दारूबंदीची अठरावी घटनादुरुस्ती मंजूर झाली १६ जानेवारी १९१९ ला. बायकांना देशभर मत देणारी एकोणिसावी १८ ऑगस्ट १९२० ला, तीही टेनेसीत एका तरुण आमदाराने आईचं पत्र आलं म्हणून ऐनवेळी मत फिरवलं तेव्हा. म्हणजे दारूबंदी आधी, मत नंतर. काही राज्यांत बायका आधीपासून मत देत होत्या हे खरं (कॅन्ससमध्ये १९१२ पासून पूर्ण), पण दारूबंदी मंजूर करणारे बहुतेक पुरुषच. आणि १९३३ ला ती उठवायला ज्यांनी जोर लावला त्यात पॉलीन सेबिन नावाची बाई आणि तिची भलीमोठी महिला संघटना होती.

पण दोन्ही विषय एकत्र का यायचे याचं खरं कारण आहे. १८७४ ला बायकांची दारूविरोधी संघटना निघाली, वुमन्स ख्रिश्चन टेंपरन्स युनियन, तिची पुढची अध्यक्ष फ्रान्सेस विलार्ड. तिने साध्या घरच्या बायकांना मताचं महत्त्व कसं पटवलं, तर हक्क-बिक्क काही नाही, घराचं रक्षण करायचंय म्हणून मत पाहिजे. नवरा पगार गुत्त्यात घालवतो, मुलांचा कायदेशीर ताबा त्याच्याकडे, मिळकत त्याच्याकडे, मग गुत्ता बंद करणार कशी? दारू गाळणाऱ्या कंपन्यांना हे बरोब्बर कळलं, म्हणून बायकांना मत मिळू नये यासाठी त्यांनी पैसा ओतला. विनोदी फिल्मवाल्यांना तर तयार पात्रच मिळालं, एका हातात मताचा फलक आणि दुसऱ्या हातात कुऱ्हाड.

आणि आता मराठी धागा. पंडिता रमाबाई १८८६ ते ८८ अमेरिकेत होत्या, विलार्डबाईंना भेटल्या, या संघटनेच्या हिंदुस्थानातल्या व्याख्यात्या झाल्या, आणि १८८९ ला 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' मराठीत लिहिलं त्यात या बायकांच्या कामाबद्दल सविस्तर आहे. म्हणजे एडिसनची फिल्म निघायच्या बारा वर्षं आधी मराठी वाचकाला ही मंडळी माहीत होती, आणि एका बाईच्या नजरेतून. आधी ते पुस्तक वाचून कुणी ती फिल्म बघितली असती तर काय वाटलं असतं?

तिखटमीठ

अवांतर: १९१९ म्हणजे 'एकच प्याला' पण! गडकरी २३ जानेवारी १९१९ ला गेले, म्हणजे तुमच्या अठराव्या दुरुस्तीनंतर एका आठवड्यात, आणि नाटक फेब्रुवारीत रंगभूमीवर आलं. दारूविरोधी नाटक, पण सगळ्यात जास्त हशा घेतो तळीराम आणि त्याचं आर्य मदिरा मंडळ. ग्लॉइड फ्रेममध्ये पाहिजे म्हणता ना, आमच्या गडकऱ्यांनी सुधाकराला तीन-चार तास फ्रेममध्येच ठेवलाय.

निळावंती

आणखी दोन टाकून जेवायला जाते. एक, १९१३ ची ब्रिटिश 'मिलिंग द मिलिटंट्स'. बायको मोर्च्याला गेली, नवरा पोरांमध्ये अडकला, थकून झोपला आणि स्वप्नात पंतप्रधान झाला. मग सफ्रजेट्सना काय काय शिक्षा करू, विजारी घालून रस्ते खोदायला लाव, खुर्चीला बांधून पाण्यात बुचकळ. बघताना हसू येतं, नवऱ्याचंच येतं, कारण बुळा प्राणी आहे आणि ही सत्ता त्याला फक्त झोपेत मिळते. पण त्याच वर्षांत तिथल्या तुरुंगात उपोषण करणाऱ्या खऱ्या बायकांना नाकातून नळी घालून जबरदस्तीने भरवत होते हे डोक्यात आलं की हसू घशात अडकतं. एमिली डेव्हिसन ही सफ्रजेट डर्बीच्या शर्यतीत राजाच्या घोड्यासमोर आली ते पण १९१३, जूनमध्ये, आणि तेही कॅमेऱ्यात आहे.

दुसरी गोड आहे. एडिसनची १९१२ ची, लंडनला जाऊन काढलेली, 'अ सफ्रजेट इन स्पाइट ऑफ हिमसेल्फ'. बायकांच्या मताला कट्टर विरोध असलेला एक साहेब, पोरं गुपचूप त्याच्या पाठीवर 'व्होट्स फॉर विमेन'चा कागद टोचतात. हा ऐटीत रस्त्याने चाललाय, लोक का वळून बघतायत कळेना, मग कागद बघून विरोधकच त्याला चोपतात आणि सोडवायला येतात कोण, तर सफ्रजेट्स. पाठीवर कागद चिकटवायचा जोक शाळेत आपण सगळ्यांनी केलाय, याच्याइतका उपयोगी कुणी केला नसेल.

आडगावकर

रोज वाचतो, लिहीत नाही. पण दारू आणि बायकांचं मत म्हटल्यावर राहवेना. महाराष्ट्रात हे दोन विषय एका कागदावर येतात हो, अक्षरशः. आडवी बाटली. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: गावातलं दारूदुकान बंद करायचं तर पंचवीस टक्के महिला मतदारांच्या सह्यांचा अर्ज, मग सह्यांची पडताळणी, मग मतदान. चिठ्ठीवर दोन चित्रं, उभी बाटली आणि आडवी बाटली. उभी म्हणजे चालू ठेवा, आडवी म्हणजे बंद करा. मेख अशी की आलेल्या मतांच्या निम्मी पुरत नाहीत, एकूण महिला मतदारांच्या निम्म्याहून जास्त मतं आडवीला पडली पाहिजेत. म्हणजे जी बाई घरी बसली ती उभ्या बाटलीकडेच मोजायची.

आमच्या गावात मतदान लागलं तेव्हा दुकानवाल्याने त्याच दिवशी बायकांसाठी फुकट देवदर्शनाची बस लावली. सकाळी साडेसातला देवळापाशी बस उभी, पुढे हार घातलेला, आत पाण्याच्या बाटल्या, दुपारचं जेवण त्याच्याकडून. आमची चुलती बसमध्ये पहिली चढली. सगळ्यांना वाटलं फुटली. बस भरली तशी ती ड्रायव्हरला म्हणाली, आधी शाळेवर घे, आठला मतदान उघडतंय, सगळ्याजणी शिक्का मारून येतो आणि मग देवाला जाऊ. ड्रायव्हर फोन लावतोय, मालक उचलेना, चाळीसेक बायका बसमध्ये ओरडतायत. नेली त्याने शाळेवर. मतं टाकली, परत बसमध्ये बसल्या, दर्शन केलं, त्याच्याच पैशाने जेवल्या आणि संध्याकाळी प्रसाद पण आणून दिला दुकानवाल्याला.

बाटली आडवी झाली. दुकान बंद. पाच महिन्यांनी ओढ्यापलीकडे शेजारच्या गावच्या हद्दीत दुसरं उघडलं, आता बाप्ये चार किलोमीटर चालत जातात. चुलती म्हणते निदान पाय तरी मोकळे होतात.

खडूस_नाना

आडगावकर, दंडवत. ही बस पडद्यावर आली पाहिजे, आणि मूकपटच करा, डायलॉगची गरजच नाही. ड्रायव्हरचा चेहरा मला आत्ता दिसतोय.

अर्धवट_प्रेक्षक

आडगावकर, एक विनंती. काकूंना ती एक मिनिटाची फिल्म दाखवा ना आणि काय म्हणतात ते इथं लिहा.

आडगावकर

दाखवली. काल रात्री, भाकऱ्या थापत होती, फोन पाण्याच्या पिंपावर टेकवून ठेवला. पहिल्यांदा बघितली, काही बोलली नाही. म्हणाली परत लाव. परत बघितली. मग विचारलं, त्या बाईचा नवरा प्यायचा का? मी म्हटलं हो. म्हणाली, तरीच.

मग तवा उतरवला आणि म्हणाली, बाटल्या फोडल्या ते ठीक, पण एवढा चांगला आरसा कशाला फोडायचा, उतरवून आणायचा ना घरी.

तिखटमीठ

काकूंना आयडी काढून द्या.